वाटे न ठरलेला डबा

रामटेकेताईंच्या डब्यात आज काय आहे, असं आमच्या ऑफिसात कुणी विचारत नसे. त्यातलं आपल्या वाट्याला काय येणार, हा खरा प्रश्न असे, आणि त्याचं उत्तर डबा उघडेपर्यंत खुद्द ताईंनाही ठाऊक नसायचं.

आमचं ऑफिस गाझियाबादला, वैशालीच्या मेट्रो स्टेशनपासून चालत जाण्याच्या अंतरावर, एका औषधाच्या दुकानाच्या डोक्यावर. माणसं तीन. ताई आयकराच्या वकील, मी त्यांचा ज्युनियर, आणि मेरठचे गुप्ताजी अकाउंटंट. ताई मूळच्या वर्ध्याच्या. केंद्र सरकारच्या नोकरीत दिल्लीला आल्या, नोकरी करता करता वकिली शिकल्या आणि पन्नाशीला नोकरी सोडून काळा कोट घातला. लग्न केलं नव्हतं. कुणी खोदून विचारलं तर "सुट्टी मंजूर झाली नाही" एवढंच सांगत. मी लातूरकडचा. यूपीएससीसाठी दिल्लीला आलो होतो, यूपीएससीने मला घेतलं नाही, आणि गावी परत जायची लाज वाटली म्हणून कायद्याला गेलो. ताईंनी मुलाखतीत एकच विचारलं, "तिखट खातोस का?"

दुपारी एक वाजला की ताई तो भलामोठा डबा टेबलावर मांडत, आमच्या दोघांच्या तोंडांकडे डॉक्टरसारखं निरखून बघत आणि वाढायला घेत. पाटवडीचा रस्सा असला की त्यांचं हे वागणं फार उघडं पडे, कारण वड्या मोजता येतात.

"प्रशांत, तुला चार. गुप्ताजी, आपको एक."

"मैडम, एक ही?"

"एवढंच."

गुप्ताजींना मराठी येत नव्हतं, पण 'एवढंच' येत होतं. त्यावर अपील नव्हतं. दुसऱ्या दिवशी कधी गुप्ताजींना पाच मिळत आणि मी रश्श्यात पोळी बुडवून वडीची आठवण काढत बसे. माझा राग मी गिळायचो, कारण गिळायला दुसरं फारसं काही नसायचं.

रुजू झालो त्याच आठवड्यात माझ्याकडे एका डिस्क्रिशनरी ट्रस्टची फाइल आली. मला त्यातलं काही कळेना. जेवताना मी ताईंना विचारलं आणि मोठी चूक केली, कारण त्यांनी उघडलेला डबा पुन्हा बंद केला.

"समज, हा डबा म्हणजे ट्रस्ट. मी ट्रस्टी. तू आणि गुप्ताजी लाभार्थी. यातलं सगळं तुमच्यासाठी आहे, मला काही परत घरी न्यायचं नाही. पण कुणाला किती, ते मी रोज माझ्या मनाने ठरवणार. आता इन्कम टॅक्सवाला आला. त्याने तुला विचारलं, यातल्या तुझ्या वड्या किती?"

"माहीत नाही."

"गुप्ताजींच्या किती?"

"माहीत नाही."

"मग त्या बिचाऱ्याने कर कुणाच्या हिशेबाने घ्यायचा? तुझी कमाई कमी, तुझा दर कमी. गुप्ताजींचा जास्त. तो म्हणतो, तुमचं तुम्हालाच माहीत नाही ना, मग मी अख्ख्या डब्यावर सगळ्यात वरचा दर लावतो, तोही पहिल्या घासापासून. सूट नाही, पायऱ्या नाहीत. मी सकाळीच लिहून ठेवलं असतं, की प्रशांतच्या चार आणि गुप्ताजींच्या दोन, तर त्याने ज्याचा वाटा त्याच्या दराने मोजला असता."

"मग ठरवून टाका ना ताई," मी म्हणालो. चारचा आकडा माझ्या मनात बसला होता.

"सकाळी मला काय माहीत, दुपारी कुणाचं तोंड उतरलेलं असेल?"

एवढं बोलून त्यांनी डबा उघडला. त्या दिवशी मला सहा वड्या मिळाल्या. आदल्या रात्री माझ्या आईशी फोनवर भांडण झालं होतं आणि मी ते कुणालाही सांगितलेलं नव्हतं.

ब्लँकेटांचंही तेच. महाराष्ट्रातून दिल्लीला येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला पानिपत बघायचं असतं. ताईंकडे वर्ध्या-नागपूरचे पाहुणे सदा असत, आणि ताई प्रत्येकाला उत्साहाने गाडी करून पानिपतला नेत. पण लढाईच्या जागेपाशी त्याला उतरवून देत. "तुम्ही इथे उसासे टाकून या, मी बाजारात आहे." पाहुणा डोळे पुसून येईपर्यंत ताईंनी घाऊक दुकानात ब्लँकेटांचा ढीग लावलेला असे. दुकानदाराला त्या आधी 'भाईसाहब' म्हणत, भाव उतरेना की 'देखो भैया', आणि अगदीच हट्टाला पेटला की 'सुन बेटा'. 'बेटा'पर्यंत मामला गेला की दुकानदार हात टेकत असे.

थंडीच्या आधी ऑफिसचं कपाट त्या ब्लँकेटांनी भरे आणि फायली खुर्च्यांवर येऊन बसत. मग वाटप. पार्किंगच्या चौकीदाराला एक, खालच्या चहावाल्याला एक, एका अशिलाच्या ड्रायव्हरला एक, कारण तो गाडीत झोपतो हे ताईंनी काचेतून पाहिलं होतं. गुप्ताजींना मात्र कधीच नाही. कित्येक हिवाळे गेले, गुप्ताजी कपाटाकडे बघून सुस्कारे सोडत राहिले. मग एका डिसेंबरात त्यांची म्हातारी आई मेरठहून आली, छाती भरलेली. गुप्ताजींनी खालच्या दुकानात शेकायची रबरी पिशवी मागितली, ते ताईंनी जिन्यात ऐकलं. दुसऱ्या दिवशी त्यांच्या खुर्चीवर ढिगातली सगळ्यात जाड दोन ब्लँकेटं होती.

गुप्ताजी पडले हिशेबी माणूस, विचारल्याशिवाय राहवेना. "मैडम, इतने साल मेरा नंबर क्यों नहीं आया?"

"इतने साल आपको ठंड कहाँ लगती थी?"

मला नंतर म्हणाल्या, "वाटे ठरवले की भांडण मिटतं, हे खरं. पण मग ज्याला ऊब लागते त्यालाही एक आणि ज्याला लागत नाही त्यालाही एक. न ठरवण्याची मोकळीक पाहिजे असेल तर तिची किंमत पडते. सरकार ती वरच्या दराने घेतं, आणि तू आणि गुप्ताजी तोंड फुगवून घेता."

ताईंचे दोष सांगितले नाहीत तर त्या स्वतःच मला दटावतील. त्या भयंकर हुकूम सोडत. चूक झाली तर "झाली" म्हणत, "चुकलं" म्हणत नसत. फोन ठेवताना निरोप घेत नसत, बोलणं संपलं की फोन बंद. आणि त्यांना दिशा कळत नसत. त्यातही गुरुग्राम म्हटलं की त्या हरवणार, हे ठरलेलंच. तिथल्या सगळ्या सोसायट्या त्यांना एकसारख्या दिसायच्या. एकदा त्यांनी एका गेटवरच्या गार्डला विचारलेलं मी कानांनी ऐकलंय, "भैया, एक ऊँची बिल्डिंग है, अंग्रेजी नाम है, वहाँ जाना है." गार्डने नम्रपणे चारी दिशांना हात केला.

त्या दिवशी आम्ही सबनीस काकांकडे निघालो होतो. काका निवृत्त इंजिनियर, सरकारी कंपनीतून मोठ्या हुद्द्यावरून बाहेर पडलेले. काकू, म्हणजे उषाकाकू, काही वर्षांपूर्वी गेल्या होत्या. मुलगा कॅनडात. घरात काका, त्यांची चाळिशीची मुलगी मुक्ता, आणि मुक्ताला सांभाळणारी झारखंडची फुलमणी. मुक्ताला घड्याळ कळत नाही, नोटा कळत नाहीत, एकटीला लिफ्टने खाली जाता येत नाही. माणसं मात्र तिला कळतात, निदान तिचा तसा ठाम समज आहे.

आम्ही पोचलो तेव्हा एका मोठ्या फर्मचा टायवाला तरुण आधीच बसलेला होता, समोर ट्रस्टच्या दस्ताचा जाडजूड मसुदा. मुक्ता बिस्किटांचा डबा घेऊन आली. तिने तरुणाकडे बघितलं आणि त्याला दोन दिली. मला एक. ताईंकडे तिने बराच वेळ बघितलं, डब्याचं झाकण लावलं आणि आत निघून गेली.

"मुक्ता, बाईंना दे ना," काका ओशाळून म्हणाले.

"सांगू नका हो," ताई म्हणाल्या. "ट्रस्टीवर दबाव आणायचा नाही."

पण त्यांना ते लागलं होतं. आयुष्यभर वाढणाऱ्या बाईला न वाढलेलं राहायची सवय नव्हती.

काकांनी आपलं म्हणणं मांडलं. "रामटेकेबाई, माझ्यानंतर हिला कोण सांभाळेल, मला खरंच माहीत नाही. आज फुलमणी आहे. उद्या लग्न करून गावी गेली तर? मुलगा म्हणतो कॅनडाला नेईन, पण हिला तिथे करमेल का? पुण्याची भाची जीव लावते, पण तिचाही संसार आहे. जो कुणी ज्या वर्षी मुक्ताला सांभाळेल, त्याला त्या वर्षी मिळालं पाहिजे. आणि हिला कधी जास्त लागेल, कधी कमी. मी आज बसून वाटे कसे ठरवू?"

ताईंनी माझ्याकडे बघितलं. आम्हा दोघांनाही एकच डबा आठवला होता.

"सर, इसीलिए डिस्क्रिशनरी," तरुण म्हणाला. "बिल्कुल फ्लेक्सिबल है."

"और टैक्स, बेटा?"

"मैम, मैक्सिमम रेट."

"पहले रुपये से?"

"जी."

"मुक्ता की दवा, फुलमणी की तनख्वाह, सब उसके बाद जो बचे उसमें से?"

पोरगा प्रामाणिक होता. त्याने मसुदा मिटला आणि म्हणाला, "मैम, आप बताइए."

ताई खुर्चीत सरसावून बसल्या. असा क्षण आला की त्या फार सुखी दिसत. "कायद्यात एक खिडकी आहे. हाच ट्रस्ट तुम्ही आज न करता मृत्युपत्रात केलात, म्हणजे तुमच्या पश्चात तो सुरू होईल असा, तर वाटे न ठरवताही कर साध्या पायऱ्यांनी लागतो, कुणाही माणसाला लागतो तसा. जाणाऱ्या माणसाला आपल्या माणसांची काळजी असते, एवढं कायद्याला कळतं. पण ही सवलत एकदाच. मृत्युपत्रात तो एकच ट्रस्ट पाहिजे."

काकांचा चेहरा आधी उजळला आणि मग हळूहळू पडत गेला. "एकच?"

"एकच."

"आणि दुसरा अगदी छोटासा असला तर?"

ताईंनी चष्मा काढला. "कसला छोटासा?"

तो मोदकांचा निघाला. काकू गेल्या त्याच वर्षी काकांनी मृत्युपत्र करून ठेवलं होतं, आणि त्यात एक ट्रस्ट होता: काही ठेव बाजूला काढायची आणि तिच्या व्याजातून गुरुग्रामच्या मराठी मंडळाच्या गणपतीला दरवर्षी, उषा सबनीस यांच्या नावाने, उकडीच्या मोदकांचा नैवेद्य. मंडळ सुरू झालं तेव्हापासून ते मोदक काकूच करत. दिल्लीत तेव्हा धड तांदळाची पिठी मिळत नसे, म्हणून गाडीने येणाऱ्या-जाणाऱ्याबरोबर कोकणातून मागवत. शेवटच्या आजारपणातही त्यांनी काकांना एवढंच बजावलं होतं, की मोदक बंद पडू देऊ नका.

तो टायवाला हसला नाही, याबद्दल मला त्याचं अजून कौतुक वाटतं. दिल्लीत जन्म काढलेला मराठी माणूसच असं करू जाणे. स्वतःच्या मुलीची व्यवस्था करताना त्याच कागदात मंडळाच्या नैवेद्याची व्यवस्था करून ठेवायची, आणि मोदकांपायी मुलीच्या औषधांवर सर्वोच्च दराचा कर लावून घ्यायचा.

"मोदकांचा ट्रस्ट सार्वजनिक आहे, तो यात धरू नका, असं भांडता येईल," ताई म्हणाल्या. "कदाचित मी जिंकेनसुद्धा. पण काका, ते भांडण होईल तेव्हा तुम्ही नसाल. मी असेन का, मलाही माहीत नाही. तिथे असेल ती मुक्ता."

काकांनी मिटलेला मसुदा तरुणाकडे परत सरकवला. मग म्हणाले, "म्हणजे बायको की मुलगी, हे ठरवायचं." आणि जरा वेळाने, कोरड्या आवाजात, "बघतो मी. कळवतो."

त्यांनी कळवलं नाही. ताई रोज विचारत, "गुरुग्रामचा फोन?" मी मान हलवायचो. त्या दिवसांत डब्याचं सगळं तंत्र बिघडलं. एकदा त्यांनी आख्खा रस्सा गुप्ताजींच्या ताटात ओतला आणि लक्षातच आलं नाही. गुप्ताजींनी सुद्धा खाल्ला नाही, अर्धा माझ्या ताटात घातला. मग एका रविवारी सकाळी ताईंचा फोन आला. "मेट्रो स्टेशनवर ये. डबा उचलायला माणूस पाहिजे." फोन बंद.

गाडी बदलून, मग कॅब करून, दोनदा चुकीच्या टॉवरची लिफ्ट चढून आम्ही काकांकडे पोचलो. ताईंनी ट्रस्टचा विषयच काढला नाही. जेवायच्या टेबलावर पाटवड्यांचा डबा मांडला. "मुक्ता, तुला चार. फुलमणी, तुम तीन लो. काका, तुम्हाला दोन."

काकांनी आणखी एकीसाठी ताट पुढे केलं.

"एवढंच."

मुक्ताला तो शब्द भलताच आवडला. "एवढंच, एवढंच," म्हणत ती खुदुखुदु हसत राहिली. काकाही हसले, आणि हसता हसता बोलते झाले.

"बाई, तुम्हाला वाटेल म्हातारा हट्टी आहे. पण मी जिवंतपणी मंडळाला पैसे का देत नाही, सांगू? कमिटी त्याची रोषणाई करेल. मागे एकाने पुस्तकांसाठी दिले होते, त्याची साउंड सिस्टीम आली. म्हणून मी ते ट्रस्टमध्ये बांधून ठेवले. उषाचं नाव राहावं, दुसरं काय."

"पैसे देऊच नका," ताई म्हणाल्या. "पैसे ठेवून मोदक होत नाहीत. पिठी कोण मळणार? पाऱ्या कोण करणार? तुमचा ट्रस्ट व्याज देईल, कमिटी हलवायाला ऑर्डर देईल, आणि उषाताईंच्या नावाने खव्याचे मोदक येतील. ते चालतील का?"

काका दचकलेच. एवढ्या वर्षांत हा धोका त्यांच्या ध्यानात आला नव्हता.

"उकड कशी काढायची, माहीत आहे तुम्हाला?"

"माहीत आहे म्हणजे? उकड मीच मळायचो. तिला गरम सोसत नसे."

"मग शिकवा की कुणाला तरी. आत्ता, तुम्ही असताना. मृत्युपत्रात लिहून कुणाच्या हाताला वळण लागत नाही."

काका उठून खिडकीशी गेले. त्यांना कढ आला होता आणि तो आम्हाला दिसू द्यायचा नव्हता. मुक्ता त्यांच्यामागे जाऊन उभी राहिली आणि त्यांच्या पाठीवर थापट्या देत राहिली. आम्ही तिघं ताटात बघत बसलो. मग काका पाठमोरेच म्हणाले, "फुलमणी, अपने यहाँ चावल का आटा है क्या?"

पुढचे दोन तास त्या स्वयंपाकघरात जे झालं ते मी कधी विसरणार नाही. काका बाह्या सारून, हाताला तेल-पाणी लावून उकड मळत होते आणि तोंडाने इंजिनियरच्या भाषेत सूचना देत होते. फुलमणीने पहिला मोदक पाहिला आणि म्हणाली, "अंकल, ये तो हमारे पीठा जैसा है. घर में माँ बनाती है." तिसऱ्या मोदकापासून तिच्या कळ्या काकांपेक्षा सुबक पडायला लागल्या. ताईंनाही वाटलं, करून बघावा. तो उकडताना फुटला. "झाला," त्या म्हणाल्या, "आमच्या वर्ध्याकडे ही पद्धत नाही." मुक्ताने तो फुटका मोदक उचलला आणि खाऊन टाकला. ताईंना त्यातलाही दिला नाही.

मृत्युपत्र नव्याने झालं. एकच ट्रस्ट. काकांचा आग्रह ताईंनी ट्रस्टी व्हावं असा होता. "मी काय अमरपट्टा घेऊन आले का? तरुण माणूस घ्या," म्हणून त्यांनी माझ्याकडे बोट दाखवलं. "याला घ्या. याला कमी वड्यांचं दुःख माहीत आहे." दुसरी ट्रस्टी पुण्याची भाची झाली.

त्यानंतरच्या गणपतीला मंडळात फुलमणीच्या हातचे मोदक गेले, तबकावर उषाकाकूंचं नाव. ताई बौद्ध. मंडपात हात जोडायला जात नसत आणि त्याचा गाजावाजाही करत नसत. आरती होईपर्यंत बाहेर खुर्ची टाकून बसत. एका खोचक गृहस्थांनी विचारलं, मग मोदक कसा चालतो? ताई म्हणाल्या, "तांदूळ, नारळ आणि गूळ. यातल्या कुणाशीही माझं भांडण नाही." चौदा एप्रिलला ताईंच्या घरी जेवण असे, तिथे सबनीस काका सगळ्यांत आधी हजर असत आणि पाटवड्या मागून घेत. मिळत दोनच.

काका दोन वर्षांनी गेले. दुपारी, पेपर वाचता वाचता, मुक्ताच्या शेजारच्या खुर्चीत. मुक्ताने त्यांच्या अंगावर शाल घातली आणि बाबा झोपलेत म्हणून फुलमणीला गप्प राहायला सांगितलं. ताई त्या दिवशी गुरुग्रामला एकट्या गेल्या आणि हरवल्या नाहीत.

मुक्ताच्या ट्रस्टचं पहिलं विवरणपत्र आम्ही साध्या दराने भरलं, आणि काही महिन्यांनी पोर्टलवर खात्याकडून विचारणा आली. लाभार्थ्यांचे वाटे ठरलेले नाहीत, तरी सर्वोच्च दर का लावू नये, आणि मृत्युपत्र करणाऱ्याने त्यात दुसरा कोणताही ट्रस्ट केला होता काय. मी पडद्यावरची ती ओळ पुन्हा पुन्हा वाचली. त्या एका प्रश्नावर मुक्ताचं पुढचं सगळं उभं होतं, तिची औषधं, फुलमणीचा पगार, ते घर.

ताईंना हल्लीचे हे बिनचेहऱ्याचे खटले आवडत नसत. समोर अधिकारी नाही, त्याच्या कपाळावरची आठी नाही, मग भांडायचं कुणाशी? म्हणून त्या उत्तर सांगताना उभ्या राहत, कोट घालत, आणि कॉम्प्युटरला 'महोदय' म्हणत. त्यांची उत्तरं लांबलचक असत. मी हात झटकून तयार बसलो. गुप्ताजीही उठून मागे उभे राहिले.

"लिही," ताई म्हणाल्या. "हा ट्रस्ट मृत्युपत्राने झालेला आहे. दुसरा कोणताही ट्रस्ट नाही."

मी वाट बघितली. "पुढे?"

"पुढे काय? मृत्युपत्र जोड आणि पाठव." आणि खुर्चीत बसून पदराने चष्मा पुसायला लागल्या. तो बराच वेळ पुसत होत्या.

साधा दर मान्य झाला. त्या दुपारी डब्यातल्या सगळ्या वड्या ताईंनी आम्हा दोघांत सारख्या वाटल्या. असं पूर्वी कधी झालं नव्हतं आणि नंतरही झालं नाही. गुप्ताजी म्हणाले, "मैडम की तबीयत तो ठीक है?"

तब्येत तशी ठीक नव्हतीच. गुडघे बोलायला लागले होते, वैशालीचा जिना जड जात होता, आणि वर्ध्याची धाकटी बहीण कधीची बोलावत होती. मग नवा आयकर कायदा आला, सगळ्या कलमांचे नंबर बदलले. "माणसं तीच, घरांचे नंबर बदलले, एवढंच," त्या म्हणाल्या, पण पुन्हा पाठ करायची हौस उरली नव्हती. ऑफिस माझ्या आणि गुप्ताजींच्या हवाली करून त्यांनी सामान बांधलं. ब्लँकेटांचं कपाट मला दिलं, किल्ली गुप्ताजींना. का, ते सांगितलं नाही.

जाण्याआधीचा त्यांचा शेवटचा कार्यक्रम गुरुग्रामचा गणपती. आम्ही पोचलो तेव्हा आरती चालू होती, म्हणून ताई नेहमीसारख्या बाहेर खुर्चीवर बसल्या. आरती झाली. फुलमणीने मोदकांचं तबक मुक्ताच्या हातात दिलं. काकांच्या मागे ते काम मुक्ताकडे आलं आहे आणि त्यात कुणी ढवळाढवळ करत नाही. रांग वगैरे तिला मान्य नाही. ती एकेकाच्या तोंडाकडे बघते आणि ठरवते. मंडळाच्या अध्यक्षांना एक. गेटवरच्या गार्डला चार. रडणाऱ्या एका पोराला तीन, त्याच्या आईला एकही नाही. मला दोन मिळाले, आणि इतक्या वर्षांच्या सवयीने मी निमूटपणे घेतले.

तबक रिकामं होत आलं. एकच मोदक उरला. तो हातात घेऊन मुक्ता मंडपाबाहेर ताईंच्या खुर्चीपाशी गेली आणि त्यांच्याकडे बघत उभी राहिली, पहिल्या दिवशी बघत होती तसंच, बराच वेळ. ताईंनी हात पुढे केला नाही. त्या मागणाऱ्यांतल्या नव्हत्याच. मग मुक्तानेच त्यांचा हात ओढला, उलगडला आणि मोदक त्यावर ठेवला.

मला वाटलं, ताई आता काहीतरी बोलतील, ट्रस्टीबद्दल, दराबद्दल, निदान वर्ध्याबद्दल. पण नुसताच हात पुढे धरून, डोळे भरलेल्या, त्या दुसऱ्या मोदकाची वाट बघणाऱ्या लहान मुलीसारख्या बसून राहिल्या.

मुक्ताने रिकामं तबक उलटं करून दाखवलं.

"एवढंच," ती म्हणाली.

"बरं," म्हणाल्या रामटेकेताई, आणि खायला लागल्या.